शेकडो नागरिकांचा बोळ

घडियाळी पोळ नावाच्या अरुंद गल्लीतलं आमचं घर रुंदीला नऊ फूट, आणि लांबीला इतकं की पुढच्या दारात उन्हाळा असताना मागच्या दारात दिवाळीचे आकाशकंदील लागलेले असायचे. पुढच्या दाराला सात पायऱ्या. दगडी, उभ्या, एकेक गुडघ्याएवढी. विश्वामित्रीचा पूर घरात येऊ नये म्हणून पूर्वजांनी त्या बांधल्या, असं वडील सांगत. पूर पोळापर्यंत कधी आला नाही. पण पुराबरोबर एखादी मगर आलीच असती तर चौथ्या पायरीवर धापा टाकत बसली असती आणि आम्ही तिला पाणी विचारलं असतं.

मागचं दार मात्र जमिनीला टेकलेलं होतं. तिथून मागच्या घराच्या परसातून एक बोळ निघायचा, तीन हात रुंद, आणि थेट मोठ्या रस्त्याला लागायचा. त्या बोळानं आत्या जायची.

आत्या म्हणजे वडिलांची धाकटी बहीण. पाचव्या वर्षी ताप आला आणि जाताना दोन्ही पाय घेऊन गेला. तेव्हापासून हातांनी फिरवायची तीनचाकी सायकल हेच तिचे पाय. दंड असे कमावलेले, की तालमीतले पैलवान तिला पाहून सदऱ्याच्या बाह्या खाली ओढत. शहरातल्या एका ग्रंथालयात फाटक्या पुस्तकांना शिवण घालायचं, पाठी चिकटवायचं काम ती करायची. मोरचूद घातलेल्या खळीचा वास तिच्या बोटांना कायमचा. आई गेली तेव्हा मी दुसरीत होतो. त्यानंतर मला वाढवलं ते याच बोटांनी. माझ्या कुठल्याही थापेला ती एवढंच म्हणायची, "अर्धं कर, मग सांग."

रोज सकाळी दहाच्या सुमारास बोळातून तिची घंटी वाजायची, आणि संध्याकाळी साडेपाचला परत. मधे ती सुरसागर तलावाला एक फेरी मारायची, भाजी घ्यायची, कुणाशी तरी भांडायची. बाकी घरात आम्ही तिघं आणि नऊ फूट रुंदी. तिचं सगळं जग त्या बोळाच्या पलीकडे होतं.

मागच्या घराचे जुने मालक गुजराती शाळामास्तर होते. आत्या लहान असताना त्यांनीच आपल्या परसातली तुळस बाजूला सरकवून तिला रस्ता करून दिला होता. कागद केला नाही, सही नाही. "दीकरी जशे," एवढंच म्हणाले. मुलगी जाईल. आणि मुलगी तीस वर्षं गेली. मग मास्तर थकले, घर विकून मुलाकडे नडियादला राहायला गेले.

घर घेतलं एका भांडीवाल्या शेठनं. मुलाचं लग्न काढलेलं, मागं खोली वाढवायची होती. महापालिकेची रीतसर परवानगी घेऊन, वर घारीच्या मिठाईचा डबा घेऊन तो आमच्याकडे आला. ओशाळलेला होता. वडिलांना म्हणाला, "साहेब, खोली बांधतोय. पण फोईचं जाणं-येणं बंद नाही करणार. भिंतीत दरवाजा ठेवतो. एक किल्ली माझ्याकडे, एक फोईकडे."

गुजरातीत आत्याला फोई म्हणतात. सगळा मागचा मोहल्ला तिला फोईच म्हणायचा.

वडिलांनी डब्याकडे पाहिलंसुद्धा नाही. "किल्ली? आमच्या रस्त्याची किल्ली तुम्ही आम्हाला देणार?"

"साहेब, परसू तर माझं छे ना..."

"परसू तुमचं असेल. जाणं आमचं आहे. ते काही मेहेरबानीचं नाही."

शेठ डबा तिथेच ठेवून गेला. आत्या आतून म्हणाली, "दादा, किल्ली घे की. मला जायचंय, जिंकायचं नाहीये."

"तू मधे बोलू नकोस," वडील म्हणाले.

घारी मात्र मी खाल्ली. सांगायला हरकत नाही, उत्तम होती.

आता आमच्या घराण्याची एक खोड सांगायला हवी, कारण पुढचं सगळं तिच्यातूनच झालं. आजोबा संस्थानाच्या दरबारी कचेरीत रयतेचे अर्ज नोंदवून घेत. त्यांची एकच शिकवण होती: अर्ज करायचा तर धन्याकडे. मधल्या माणसाला विचारलं की काम मधेच राहतं. एका गवळ्याची म्हैस हरवली तेव्हा आजोबांनी त्याला थेट सरकारांच्या नावे अर्ज लिहून दिला, आणि चौथ्या दिवशी म्हैस घोडेस्वारांच्या पहाऱ्यात घरी आली, ही गोष्ट आमच्याकडे दर श्राद्धाला सांगितली जायची. माझ्या तोंडी ती आली तेव्हापासून म्हशीच्या अंगावर जरीची झूलही असे. संस्थान गेलं, मुंबई राज्य आलं, तेही गेलं, गुजरात झाला. वडिलांचे हुजूर मात्र जागेवरच होते. आता ते अहमदाबादला हायकोर्टात बसत होते, एवढाच फरक.

आमच्याच पोळात एक वकील राहायचे. मराठीच, वडिलांचे शाळासोबती. संध्याकाळी ओट्यावर बसून पान जमवता जमवता त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "अरे, हा सरळ दिवाणी दावा आहे. उद्या लावू. कोर्ट कमिशनर येईल, बोळ बघेल, फीत लावून मोजेल, नकाशा काढेल. तोवर भिंतीला मनाई हुकूम मागू. मास्तर नडियादला आहेत, त्यांची साक्ष घेऊ. बहिणीची साक्ष घेऊ. वीस वर्षांच्या वर वहिवाट आहे, उगाच घाबरायचं कारण नाही."

"कुठल्या कोर्टात?" वडिलांनी विचारलं.

"इथंच. सिव्हिल जज्ज, ज्युनिअर डिव्हिजन."

"ज्युनिअर?"

"ते हुद्द्याचं नाव आहे रे!"

"माझ्या बहिणीचा रस्ता ज्युनिअर माणूस ठरवणार? हायकोर्टात रिट करतात ना? ते करू."

वकिलांनी पान बाजूला ठेवलं. त्यांनी पान बाजूला ठेवलेलं मी आयुष्यात दोनदा पाहिलं, ही पहिली वेळ. "रिट सरकारच्या विरुद्ध असतं. सरकारनं, पालिकेनं कायदा मोडला तर. तुझं भांडण भांडीवाल्याशी आहे. तिथं साक्षीदार उभे करत नाहीत, कमिशनर येत नाही, कोणी कुणाला काही विचारत नाही; कागदाला कागद लागतो. घरातली मोरी तुंबली म्हणून धरणाच्या इंजिनिअरला बोलावशील का?"

"तू भिऊन बोलतोस," वडील म्हणाले, आणि दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीनं आम्ही अहमदाबादला गेलो. मी कोयलीला रिफायनरीत नुकताच लागलो होतो. पाळी बदलून घेतली.

तिथले वकील भले गृहस्थ होते. त्यांनीही तेच सांगितलं, फक्त इंग्रजीतून. खाजगी वाद आहे, घरी जा, दावा लावा. वडील हलेनात. शेवटी ते कंटाळून म्हणाले, "हां, बोळ जर सार्वजनिक असता, लोकांच्या येण्याजाण्याचा असता, आणि पालिकेनं तो बुजवायला परवानगी दिली असती, तर काही बोलता आलं असतं. आहे का सार्वजनिक?"

वडिलांनी माझ्याकडे पाहिलं. ते खोटं बोलत नसत. आजोबांचा अर्ज थेट धन्याकडे जायचा, पण त्यात मजकूर खरा असायचा. वडिलांना खोटं बोलता येत नव्हतं म्हणूनच त्यांनी माझ्याकडे पाहिलं.

"आहे तर," मी म्हणालो. "शेकडो लोक जातात."

तीन रात्रपाळ्यांच्या मधल्या तीन दुपारी मी तो अर्ज रचला. अहमदाबादच्या वकिलांनी त्याला कायद्याचे कपडे चढवले, पण आतलं अंग माझं होतं. काय लिहिलं नव्हतं मी! त्या तीन हाती बोळातून रोज शाळकरी मुलं जात होती, दवाखान्यात जाणाऱ्या गरोदर बाया जात होत्या, उत्सवाची पालखी जात होती. आग लागली तर बंब तिथूनच येणार होता. पिढ्यान्‌पिढ्या, अनादि काळापासून, सर्व जातिधर्मांचे शेकडो नागरिक. मला अर्जावर इतकं प्रेम आलं होतं की पालखीपुढचा हत्ती मी मोठ्या कष्टानं खोडला.

वडिलांनी त्यावर शपथेवर सही केली. रात्री जेवताना मी तो आत्याला मराठी करून वाचून दाखवला. ती घास तसाच धरून ऐकत राहिली.

"हे सगळे कधी जातात रे?" ती म्हणाली. "मला तर कधी कुणी आडवं आलं नाही."

"आत्या, कोर्टाला मोठं सांगावं लागतं."

"आणि मी कुठाय यात?"

मी शोधलं. आठव्या परिच्छेदात 'वृद्ध व अपंग व्यक्ती' होत्या. त्यांत ती होती.

वडिलांना वाटलं होतं पहिल्याच दिवशी स्थगिती मिळेल. मिळाली ती समोरच्यांना नोटीस, त्यांचं म्हणणं मांडा म्हणून. नोटीस शेठकडे पोचली. शेठच्या बांधकामाचा पाया तोवर घोट्याएवढा वर आला होता आणि दरवाज्याची चौकट परसात भिंतीला टेकवून ठेवलेली होती. मागच्या दारात उभं राहिलं की ती आम्हाला दिसायची. नोटीस आल्यानंतर दोन दिवसांनी ती चौकट दिसेनाशी झाली, आणि कडिये, म्हणजे गवंडी, दुप्पट झाले.

शनिवारी संध्याकाळी आत्या कामावरून आली तेव्हा भिंत मांडीएवढी झाली होती. दोघा कडियांनी तिची सायकल तिच्यासकट उचलून अलीकडे ठेवली. एकानं गुजरातीत विचारलं, "बेन, उद्या जायचंय?"

"उद्या रविवार," आत्या म्हणाली.

सोमवारी सकाळी ती डबा भरून, वेणी घालून मागच्या दारात आली. भिंत माझ्या गळ्याएवढी होती. कडिये तिच्याकडे बघेनात. ती थोडा वेळ तिथं थांबली आणि मग सायकल मागं घेतली. नऊ फुटी घरात ती सायकल वळत नसे. ती उलटीच चालवत आत आली.

पहिले पंधरा दिवस आम्ही तिला पुढच्या दारानं उतरवलं. खुर्चीत बसवायचं, मी मागून, पोळातला एखादा मोकळा माणूस पुढून, आणि खाली रिक्षा. उतार करावा म्हटलं तर पोळ एवढा अरुंद, की आमचा उतार समोरच्यांच्या स्वयंपाकघरात जाऊन थांबला असता. सोळाव्या दिवशी मी पहाटेची पाळी करून आलो होतो, झोप डोळ्यांवर होती. तिसऱ्या पायरीवर माझा हात सुटला.

आत्याचं उजवं मनगट मोडलं. पाय मोडला असता तर तिला काही फरक पडला नसता, असं तीच हसून म्हणाली डॉक्टरांना. डॉक्टर हसले नाहीत.

त्यानंतर तिनं खुर्चीला हात लावू दिला नाही. ग्रंथालयातली माणसं चांगली. त्यांनी काही महिने पुस्तकं घरी पाठवली. पण मनगटात दोरा ओढायची ताकद आली नाही. एक दिवस तिनं अर्धवट शिवलेलं पुस्तक मला दिलं आणि म्हणाली, "त्यांना सांग, आता पाठवू नका. सैल शिवण घातलेलं पुस्तक देण्यापेक्षा फाटकं बरं."

मी वडिलांना म्हटलं, शहरातच, नदीपलीकडे अकोट्याला तळमजल्यावर भाड्यानं जागा बघतो. वडील ताडकन म्हणाले, "प्रकरण चालू असताना घर सोडायचं? म्हणजे रस्त्याची गरजच नव्हती असं ते म्हणतील." बहिणीच्या बाहेर जाण्याचा हक्क शाबूत राहावा म्हणून बहिणीनं आत राहायचं. हे त्यांना उलटं वाटत नव्हतं. मलाही तेव्हा वाटलं नाही.

दर तारखेला वडील दशम्या बांधून अहमदाबादला जात. कधी समोरच्यांनी वेळ मागितलेली असे, कधी आमच्याच कागदांत काही कमी असे. परत आले की सात पायऱ्या चढून, टोपी काढून आत्याच्या खोलीच्या उंबऱ्यावर उभे राहत. "पुढची तारीख," म्हणत. ती म्हणायची, "दमलास. चहा घे."

आणि मी तिला बाहेरचं शहर आणून देत असे. कामावरून आलो की तिच्याजवळ बसायचं आणि सांगायचं. सुरसागरात एवढा मोठा मासा निघाला की तो कापायला सुतार बोलावला. रावपुऱ्यात एक म्हातारा स्वतःच्या सावलीशी पत्ते खेळतो आणि हरतो. सुरुवातीला ती म्हणायची, "अर्धं कर." पुढं पुढं म्हणेनाशी झाली. सगळं ऐकून घ्यायची, अगदी सुतारासकट. एकदा मी बोलत असताना मधेच तिनं विचारलं, "कोपऱ्यावरच्या लिंबाला पालवी आली का रे? खरं सांग." मी रोज त्या लिंबाखालून जात होतो. मला आठवेना.

दुसऱ्या वर्षी नडियादहून कळलं, मास्तर गेले.

निकाल लागला तेव्हा भिंत होऊन तीन वर्षं आणि वर काही महिने झाले होते. मी वडिलांबरोबर होतो. न्यायमूर्ती शांतपणे बोलत होते. या जागेवर कुणाचा रस्ता आहे, होता की नव्हता, हे साक्षीपुराव्यानं ठरवायचं काम आहे. शपथपत्रं समोरासमोर ठेवून ते इथं ठरवता येत नाही. परवानगीत पालिकेची चूक दिसत नाही. दोन शेजाऱ्यांचा वाद आहे. दिवाणी कोर्टाची वाट मोकळी आहे. मग त्यांनी वडिलांकडे पाहून विचारलं, "तिकडे आधीच का गेला नाहीत?"

रागानं नाही, खरंच जाणून घ्यावं म्हणून विचारलं. वडिलांनी हात जोडले. परतीच्या गाडीत ते एवढंच म्हणाले, "हुजुरांनी खाली पाठवलं." आणंद गेलं, वासद गेलं, मही नदीचा पूल गेला, तरी दशमीची पुरचुंडी त्यांच्या मांडीवर तशीच होती.

पोळातले वकील आम्हाला काही टोचून बोलले नाहीत. निकाल वाचला आणि विचारलं, "ताई त्या बोळातून शेवटची कधी गेली?"

मी सांगितलं. शनिवार संध्याकाळ, मांडीएवढी भिंत.

त्यांनी पान बाजूला ठेवलं. ही दुसरी वेळ.

"वीस वर्षांची वहिवाट असली की हक्क मिळतो," ते म्हणाले. "पण ती वहिवाट दावा लावण्याच्या आधीच्या दोन वर्षांत चालू असायला हवी. तुमची तीनपेक्षा जास्त वर्षांमागे तुटली. आपण म्हणू, हायकोर्टात होतो, तो काळ सोडून द्या. मान्य होईलच असं नाही. नाहीतर मास्तरांनी कायमचा रस्ता दिला होता असं दाखवायचं. पण मास्तर..." मग म्हणाले, "ताईची साक्ष आहे. ती खणखणीत झाली तर बघू."

दावा लागला, आत्याच्या नावानं. आणि साक्षीची तारीख आली. वकील म्हणाले, कमिशनर घरी पाठवायला अर्ज करतो, घरीच साक्ष होईल. आत्या म्हणाली, "मुळीच नाही. मी जाणार."

चार माणसं लावून, दोरानं बांधून, मी जन्मात कधी धरलं नसेल तसं धरून आम्ही तिला पायऱ्या उतरवली. तिनं ठेवणीतलं आकाशी लुगडं नेसलं होतं. रिक्षात बसल्यावर ती एकदम सुरू झाली. हे दुकान कधी झालं? इथं तर शिंपी होता. अरे, रस्ता केवढा रुंद केला! तो बघ, तोच भाजीवाला, टक्कल पडलं मेल्याला. रिक्षावाल्याला म्हणाली, "भाई, जरा सुरसागरवरून घ्या ना." लांब पडतं म्हणाला. "पडू दे."

कोर्टात त्या दिवशी आमचा पुकारा झालाच नाही. दुसरी तारीख पडली. वडील हळहळले. आत्या हातरुमालात हसली. "म्हणजे परत यायचं ना?" असं दोनदा यावं लागलं, आणि दोन्ही वेळा ती लांबच्या रस्त्यानं आली. तिसऱ्या वेळी साक्ष झाली.

न्यायाधीश तरुण होते, माझ्याहून थोडेच मोठे असतील. त्यांनी आत्याची खुर्ची आपल्या टेबलाजवळ घ्यायला सांगितली. तिनं सगळं गुजरातीत सांगितलं: ताप, सायकल, मास्तरांची तुळस, 'दीकरी जशे', तीस वर्षं. न्यायाधीश मधेच थांबवत, नीट लिहून घ्यायला सांगत, मग म्हणत, "हां बेन, पुढे." वकिलांनी माझ्याकडे बघून मान हलवली. खणखणीत चाललं होतं.

मग शेठचे वकील उठले. हातात एक कागद. मी तो लांबूनच ओळखला. आपलं अक्षर टाईप झालं तरी ओळखू येतं.

"बेन, तुम्ही म्हणता हा तुमचा रस्ता. तुमच्या भावानं हायकोर्टात शपथेवर लिहून दिलंय की हा सार्वजनिक रस्ता आहे, आणि रोज शेकडो माणसं इथून जातात. शाळेतली मुलं. पालखी. आगीचा बंब." ते एकेक वाचत गेले, सावकाश. मागच्या बाकावर कुणीतरी हसलं. "हे खरं आहे का?"

वडील माझ्या शेजारी बसले होते.

आत्यानं मान वळवून आमच्याकडे पाहिलं. मला वाटलं, ती सांभाळून घेईल. तिनं मला आयुष्यभर सांभाळून घेतलं होतं. जात असतील, मी कामावर असायचे, मला माहीत नाही, एवढं म्हणाली असती तरी चाललं असतं.

"नाही," ती म्हणाली. "कुणी जात नव्हतं. मी एकटीच जात होते."

"म्हणजे भावानं शपथेवर खोटं लिहिलं?"

"भावानं माझ्यासाठी लिहिलं. जात मी एकटी होते."

न्यायाधीशांनी ते लिहून घ्यायला सांगितलं. लिहून झाल्यावर तिला वाचून दाखवलं, बरोबर आहे का विचारलं. ती म्हणाली, "बरोबर आहे, साहेब." आणि डाव्या हातानं सही केली. उजवं मनगट सहीच्याही कामाचं राहिलं नव्हतं.

बाहेर व्हरांड्यात शेठ आला. एवढ्या वर्षांत पांढरा झाला होता. आत्याच्या खुर्चीजवळ उकिडवा बसला. "फोई," म्हणाला, "मी तर चौकट घडवून आणली होती. सागाची. तो कागद आला, शेकडो माणसं. माझा वकील बोलला, शेठ, आज एक बाई जाऊ दिली तर उद्या कोर्ट म्हणेल सगळ्या गावाचा रस्ता. परसू जाईल, खोली जाईल. मी बियाला, फोई. आता त्या जागी सूनचा पलंग आहे."

"नातू झाला म्हणे," आत्या म्हणाली.

"हां. दीड वर्षाचा."

"रडतो रात्री. भिंतीतून ऐकू येतं." ती थोडी हसली. "पोट दुखत असेल. ओव्याचं पाणी द्या म्हणावं सुनेला."

तो तिच्या पायांना हात लावून गेला. मी जिन्याजवळ उभा होतो. माझ्याकडे त्यानं पाहिलं नाही. पाहिलं असतं तर मी काय केलं असतं, मला माहीत नाही. चौकट नाहीशी झाली तेव्हा आमच्या घरी मी शेठला कपटी, कावेबाज, अफझलखान काय काय म्हटलं होतं.

दावा फेटाळला गेला. दोन्ही कारणांनी: वहिवाट तुटून दोन वर्षांच्या वर झालेली, आणि कायमचा रस्ता दिल्याचा पुरावा नाही. निकालात न्यायाधीशांनी एक ओळ लिहिली होती, की वादी विश्वासार्ह वाटते आणि तिच्याबद्दल कोर्टाला सहानुभूती आहे. वकिलांनी ती दोनदा वाचून दाखवली. त्यांना बाकी काही देण्यासारखं नव्हतं.

मग रविवारी दुपारी वडिलांनी माझ्यासमोर पाट ठेवला, पाटावर कागद ठेवले. त्यांचं वय त्या वर्षात दहा वर्षांनी वाढलं होतं, आणि हे मी फुगवून सांगत नाही. "अपील," ते म्हणाले. "तू बस लिहायला. या वेळी नीट लिहू. वरचे लोक ऐकतील."

मी पेनचं टोपण काढलं. आत्याची खोली समोरच होती, दार उघडं.

"या वेळी किती माणसं घालणार आहेस रे?" तिनं आतून विचारलं.

ती चिडली नव्हती. माझ्या लहानपणी जेवायला किती पोळ्या लागतील हे ज्या आवाजात विचारायची, त्याच आवाजात तिनं विचारलं.

"आत्या, या वेळी खरंच..."

"नको. दादा, तूही ऐक. नको आता. तिकडे वर मला कुणी काही विचारणार नाही. इथं निदान विचारलं. मी सांगितलं, त्यांनी लिहून घेतलं. मी एकटी जात होते, हे लिहिलंय तिथं. पुरे."

"आणि तुझं जाणं?" वडिलांनी विचारलं.

भिंतीपलीकडे शेठचा नातू रडायला लागला होता. आम्ही तिघंही, का कोण जाणे, तो थांबायची वाट बघत बसलो.

मी पेनचं टोपण लावलं. वडील उठले आणि पाटावरचे कागद गोळा करायला लागले. कागद कोरेच होते, तरी ते एकेक करून, कोपऱ्याला कोपरा जुळवून रचत होते.